सपाट मैदानाची सबब

रशियाने २४ फेब्रुवारी २०२२ रोजी युक्रेनवर चाल केल्यापासून मराठीत या युद्धाविषयी पुष्कळ लिहिले आणि बोलले गेले आहे, आणि त्यातल्या बऱ्याचशा चर्चांची सुरुवात एकाच नकाशाने होते. जर्मनीपासून पोलंड, बेलारूस आणि युक्रेन ओलांडत थेट उरल पर्वतापर्यंत रुंदावत गेलेले सपाट मैदान दाखवायचे. वाटेत शत्रूला अडवील असा डोंगर नाही, हे सांगायचे. आणि मग निष्कर्ष काढायचा की मॉस्कोत सत्तेवर कोणीही बसो, झार असो, कम्युनिस्ट पक्षाचा सरचिटणीस असो वा राष्ट्राध्यक्ष, त्याला पश्चिमेकडे सरकत राहण्यावाचून गत्यंतरच नसते. या मांडणीला विरोध करणारे बहुधा दुसरे टोक गाठतात: रशियन माणूस मुळातच साम्राज्यखोर, मोंगलांच्या टाचेखाली जुलूम सोसायला आणि करायला शिकलेला, त्याच्याकडून वेगळी अपेक्षा काय ठेवणार? मला हे दोन्ही पक्ष एकाच चुकीचे वाटेकरी वाटतात. एक जण निर्णयाची जबाबदारी जमिनीवर टाकतो, दुसरा रक्तावर. निर्णय घेणारी माणसे दोघांच्याही हिशेबातून सुटतात. ज्यांच्या भूमीवर हा इतिहास घडला ते युक्रेनियन, पोल, फिन, लिथुआनियन, तातार, चेर्केस आणि कझाक तर दोन्ही मांडणींत केवळ मधली जागा म्हणून उरतात. भूगोल अडचण उभी करतो. तिच्यावरचा उपाय माणसे निवडतात, आणि म्हणून त्या निवडीचा जाब माणसांनाच विचारला पाहिजे.

मैदानाचा युक्तिवाद पोकळ आहे, असे मात्र कोणी समजू नये. १२३७ ते १२४० या काळात मोंगल बातू खानाच्या फौजांनी र्‍याझानपासून कीवपर्यंतची शहरे एकामागून एक बेचिराख केली, आणि पुढची दोनएकशे वर्षे रशियन राजे व्होल्गाकाठच्या खानांना खंडणी भरत राहिले. १५७१ साली क्रिमियाच्या खानाने मॉस्को जाळले. क्रिमियन तातारांच्या धाडींत धरलेली माणसे शतकानुशतके काळ्या समुद्रावरच्या गुलामांच्या बाजारात विकली जात होती. १६१० ते १६१२ या काळात पोलंडची शिबंदी खुद्द क्रेमलिनमध्ये ठाण मांडून होती. १७०९ मध्ये स्वीडनचा बारावा चार्ल्स पोल्टाव्हापर्यंत आला, १८१२ मध्ये नेपोलियन मॉस्कोत शिरला आणि १९४१ मध्ये जर्मन फौजा मॉस्कोच्या वेशीवर येऊन ठेपल्या. लेनिनग्राडचा वेढा ८७२ दिवस चालला. त्या महायुद्धात सोव्हिएत संघाची सुमारे २ कोटी ७० लाख माणसे दगावली. आजही रशियात असे कुटुंब विरळा, ज्याच्या घरात त्या युद्धातून परत न आलेल्या कोणाचा तरी फोटो नाही. ही भीती कोणी बनवून सांगितलेली नाही, आणि तिची टिंगल करणाऱ्याला रशियाविषयी बोलण्याचा अधिकार नाही, असे मी मानतो.

पण हेच मैदान शेजाऱ्यांच्याही पायाखाली आहे, आणि इथेच या युक्तिवादाचे घोडे पेंड खाते. १९४१ च्या जर्मन फौजा रशियात पोचल्या त्या बेलारूस आणि युक्रेन तुडवत. बेलारूसची सुमारे एक चतुर्थांश लोकसंख्या त्या युद्धात नाहीशी झाली, आणि वर ज्या पावणेतीन कोटींचा आकडा दिला त्यांत लक्षावधी युक्रेनियन आहेत. पोलंडच्या पूर्वेलाही डोंगर नाही आणि पश्चिमेलाही नाही. १७७२, १७९३ आणि १७९५ अशा तीन फाळण्यांत रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रियाने हा देश वाटून घेतला आणि पुढची १२३ वर्षे तो नकाशावर नव्हता. १९३९ च्या सप्टेंबरात त्याच्यावर पश्चिमेकडून हिटलर आणि सतराव्या दिवशी पूर्वेकडून स्टालिन चालून आला. सपाट भूमीमुळे शेजारी राष्ट्र दाबून ठेवण्याचा हक्क उत्पन्न होत असेल, तर तो पोलंडला सर्वांत आधी मिळायला हवा. लिथुआनिया, लात्व्हिया आणि एस्टोनिया यांची भीती आपण कोणत्या खात्यात जमा करणार? १९४० मध्ये ती राष्ट्रे गिळली गेली, जून १९४१ आणि मार्च १९४९ मध्ये त्यांची हजारो कुटुंबे रातोरात गुरांच्या वाघिणींत भरून सायबेरियाला पाठवली गेली. मॉस्कोच्या स्मरणातल्या आक्रमणांची यादी आपल्याकडे पाठ असते. वॉर्सा, विल्नियस आणि कीवच्या स्मरणातल्या यादीत मॉस्कोचे नाव किती वेळा येते, हे विचारण्याची तसदी कोणी घेत नाही.

दुसरी गोष्ट कालक्रमाची. विस्तार बचावासाठी झाला असेल, तर जिथून आक्रमणे आली तिकडे तो आधी व्हायला हवा. प्रत्यक्षात मॉस्कोने पहिल्यांदा गिळले ते रशियनच शेजारी, आणि या टप्प्याशी महाराष्ट्राचा एक खरा धागा जुळलेला आहे. पंधराव्या शतकाच्या उत्तरार्धात अफनासी निकितीन नावाचा व्यापारी समुद्रमार्गे चौलला उतरला, पालीवरून जुन्नरला गेला आणि तिथून बहमनी राजधानी बिदरपर्यंत पोचला. रेवदंड्याला त्याचे स्मारक आहे. विकायला आणलेला त्याचा घोडा जुन्नरच्या खानाने अडकवून ठेवला आणि धर्म बदललास तर परत देतो म्हणून सांगितले. एका खुरासानी अधिकाऱ्याच्या रदबदलीने तो सुटला. आपण त्याला भारतात आलेला पहिला रशियन प्रवासी म्हणतो, आणि ते ठीकच आहे. पण तो मॉस्कोचा प्रजाजन नव्हता. तो व्होल्गाकाठच्या त्वेरचा, मॉस्कोशी स्पर्धा करणाऱ्या स्वतंत्र राज्याचा रहिवासी होता आणि त्वेरच्या राजाची परवानगी घेऊन निघाला होता. परतीच्या वाटेवर स्मोलेन्स्कला पोचण्याआधी तो वारला. ते स्मोलेन्स्कही तेव्हा लिथुआनियाच्या राज्यात होते. आपल्या टिपणांत एके ठिकाणी तो तुर्की-फारसी मिसळलेल्या बोलीत देवाची करुणा भाकतो: रशियाच्या भूमीचे रक्षण कर, तिच्यासारखी भूमी जगात दुसरी नाही, तिचे अमीर-उमराव मात्र न्यायाने वागत नाहीत, तिथे न्याय नांदू दे. भूमीवर जीव आणि राज्यकर्त्यांवर रोष, या दोन्ही गोष्टी ज्याला दख्खनमध्ये बसून एका दमात लिहिता आल्या, त्याचे त्वेर १४८५ मध्ये मॉस्कोने खालसा केले. त्याआधी १४७८ मध्ये नोव्हगोरोद गेले होते. तिथे नागरिकांची सभा भरत असे आणि त्या सभेला बोलावणारी घंटा मॉस्कोच्या राजाने उतरवून आपल्या राजधानीत नेली. या शहरांमागे कोणता परकीय शत्रू दबा धरून बसला होता?

उरलपलीकडचा विस्तार तर या युक्तिवादाला अजिबातच दाद देत नाही. तातार खानांची राज्ये, कझान १५५२ मध्ये आणि अस्त्राखान १५५६ मध्ये, घेतल्यावर व्होल्गाचा संपूर्ण मार्ग मॉस्कोच्या हाती आला आणि पूर्वेकडच्या धोक्याची धार बोथट झाली. त्यानंतर १५८० च्या दशकात येरमाक हा कोसॅकांचा, म्हणजे सरहद्दीवरच्या लढवय्यांचा, सरदार उरल ओलांडून सिबिरच्या खानावर चालून गेला, आणि १६३९ पर्यंत कोसॅक टोळ्या ओखोत्स्कच्या समुद्राला, म्हणजे पॅसिफिकच्या काठाला, जाऊन भिडल्या होत्या. त्यांना तिकडे ओढून नेले ते सेबल नावाच्या प्राण्याच्या कातड्याने, ज्याला युरोपात सोन्याचे मोल मिळे. नदीकाठी लाकडी गढी बांधायची, आसपासच्या जमातींतली प्रमुख माणसे ओलीस ठेवायची आणि दर डोई ठरलेली कातडी कर म्हणून वसूल करायची, ही तिथली रीत होती. सायबेरियातल्या एव्हेंक, याकूत किंवा बुर्यात लोकांपासून मॉस्कोला कोणता धोका होता, हे मैदानवाद्यांनी एकदा सांगावे. कॉकेशसात तर मैदानच नाही. काळ्या समुद्राकाठच्या डोंगरांत राहणाऱ्या चेर्केस लोकांविरुद्ध अनेक दशके मोहिमा चालवून १८६४ च्या मे महिन्यात क्रास्नाया पोल्याना इथे विजयाची कवायत झाली आणि लाखो चेर्केस तुर्कस्तानच्या वाटेला लावले गेले. किती तरी वाटेतच उपासमारीने, रोगराईने आणि समुद्रात बुडून मेले. २०१४ च्या हिवाळी ऑलिंपिकमधल्या बर्फाळ डोंगरउतारांवरच्या स्पर्धा त्याच क्रास्नाया पोल्यानात झाल्या.

बचावासाठी विस्तार, ही भाषा साम्राज्ये किती सहज बोलतात याचा नमुना म्हणजे रशियाचा परराष्ट्रमंत्री गोर्चाकोव याने १८६४ च्या अखेरीस युरोपीय दरबारांना पाठवलेले परिपत्रक. सुधारलेल्या राज्याच्या सरहद्दीवर भटक्या, अस्थिर टोळ्या असल्या की त्यांचा बंदोबस्त करावा लागतो. एकांचा केला की त्यांच्यापलीकडचे उपद्रव देऊ लागतात. म्हणून पुढे सरकणे इच्छेपेक्षा गरजेने होते, आणि अमेरिकेला, फ्रान्सला आफ्रिकेत, इंग्रजांना हिंदुस्थानात हेच करावे लागले, असा त्याचा आशय होता. कुठे थांबायचे हे ठरवणे हीच मोठी अडचण, हेही त्याने कबूल केले होते. मध्य आशियातल्या चिमकेंतच्या आसपास थांबण्याचे आश्वासन देणाऱ्या त्या कागदाची शाई वाळते न वाळते तोच, १८६५ च्या उन्हाळ्यात, रशियन फौजेने ताश्कंद घेतले. १८६८ मध्ये समरकंद पडले, १८७३ मध्ये खिवा, १८८१ मध्ये गेओक तेपे, १८८४ मध्ये मर्व. वीस वर्षांत सरहद्द अफगाणिस्तानला येऊन टेकली.

मराठी वाचकाला हा युक्तिवाद ओळखीचा वाटायला हवा, कारण तो आपल्यावर चालवला गेला आहे. लॉर्ड वेलस्लीने १८०३ चे युद्ध लंडनला समजावून सांगितले ते फ्रेंचांच्या भीतीच्या आधारे. दौलतराव शिंद्यांच्या कवायती पलटणी फ्रेंच सरदार पेराँच्या हाताखाली आहेत, दिल्लीचा बादशहा त्याच्या मुठीत आहे, उद्या नेपोलियनने मनात आणले तर दोआबातून कंपनीचे राज्य उलथेल. म्हणून कंपनीला आपल्या बचावासाठी शिंद्यांचा मुलूख ताब्यात घेणे भाग आहे. या भीतीत तथ्याचा अंश होता. पेराँ फ्रेंच होता, पलटणी खऱ्या होत्या, फ्रान्सशी युद्धही पुन्हा पेटले होते. पण लढाई तोंडावर येताच पेराँ स्वतः इंग्रजांच्या आश्रयाला गेला, तरी युद्ध थांबले नाही. असई आणि लासवारीच्या लढाया होऊन दिल्ली आणि दोआब कंपनीच्या घशात गेल्यावरच तह झाला. वेलस्लीची ही सफाई आपल्यापैकी कोणी आज मान्य करील काय? मग तीच सफाई कीवच्या बाबतीत आपण इतक्या सहजपणे का मान्य करतो?

मैदानाचा मुद्दा अडचणीत आला की इतिहासाचा पुढे येतो: रशियाचा जन्मच कीवमध्ये झाला, ९८८ मध्ये तिथल्या राजा व्लादिमीरने ख्रिस्ती धर्म स्वीकारला, तेव्हा दोन्ही एकच लोक. २०२१ च्या जुलैत रशियाच्या राष्ट्राध्यक्षांनी याच आशयाचा प्रदीर्घ निबंध लिहिला. यातला खरा भाग मान्य केला पाहिजे. कीवच्या त्या राज्यातून रशियन, युक्रेनियन आणि बेलारूसी या तिन्ही लोकांचा धर्म, लिपी आणि लिखित परंपरा आली आहे, आणि त्या वारशावर रशियनांचाही हक्क आहे. पण वारसा सारखा असला म्हणून सातबारा एकाच्या नावावर चढत नाही. मॉस्कोचा पहिला उल्लेख ११४७ चा, कीवच्या वैभवाला दीडेकशे वर्षे झाल्यानंतरचा. आणि ११६९ मध्ये ईशान्येकडच्या व्लादिमीर नावाच्या शहरातून राज्य करणाऱ्या आंद्रेई बोगोल्युब्स्कीच्या फौजेने तेच कीव लुटले. मोंगल स्वारीनंतर वाटा आणखी दूर गेल्या. मॉस्को खानांच्या छत्राखाली वाढले, कीव लिथुआनियाच्या आणि १५६९ नंतर पोलंडच्या राज्यात गेले, आणि १६५४ मध्ये कोसॅक पुढारी ख्मेल्नित्स्कीने पेरेयास्लावला झारशी करार करेपर्यंत सुमारे चारशे वर्षे ही दोन शहरे वेगवेगळ्या सत्तांखाली, वेगवेगळ्या कायद्यांखाली राहिली. युक्रेनियन ही वेगळी भाषाच नव्हती, तर १८६३ मध्ये झारच्या मंत्र्याला तिच्यातली धार्मिक आणि शैक्षणिक पुस्तके बंद करण्याचे परिपत्रक का काढावे लागले, आणि १८७६ मध्ये छपाईवरची बंदी आणखी कडक का करावी लागली? जी गोष्ट अस्तित्वात नाही तिच्यावर कोणी बंदी घालत नाही. अखेरचा शब्द शेवटी तिथे राहणाऱ्यांचा, आणि तो १ डिसेंबर १९९१ च्या सार्वमतात नोंदला गेला आहे: देशभर ९० टक्क्यांहून अधिक मते स्वातंत्र्याच्या बाजूने, रशियन भाषिकांच्या दोनेत्स्क आणि लुहान्स्कमध्ये ८० टक्क्यांहून अधिक, आणि क्रिमियातही निम्म्याहून थोडी जास्त.

आता नाटोचा मुद्दा, म्हणजे ही पाश्चात्त्य लष्करी संघटना रशियाच्या दाराशी आली म्हणून युद्ध झाले, हा. हा या पक्षातला सर्वांत वजनदार मुद्दा आहे, आणि तो उडवून लावणे अप्रामाणिकपणाचे होईल. जर्मनीच्या एकीकरणाच्या वेळी, १९९० मध्ये, नाटो पूर्वेकडे सरकणार नाही असे तोंडी बोलणे झाले होते. लेखी करार झाला नाही. १९९९ मध्ये पोलंड, हंगेरी आणि चेक प्रजासत्ताक, २००४ मध्ये बाल्टिक देशांसह आणखी सात राष्ट्रे नाटोत आली, आणि २००८ मध्ये बुखारेस्टला युक्रेन आणि जॉर्जिया कधी तरी सदस्य होतील असे जाहीर झाले. तारीख नाही, संरक्षणाची हमी नाही, आणि मॉस्कोला डिवचायला पुरेसे शब्द मात्र आहेत, असे ते विधान होते. माझ्या मते ती पाश्चात्त्य नेत्यांची मोठी चूक होती. पण नकाशावरचे अंतर हेच युद्धाचे कारण असेल, तर फिनलंडचे काय? ३० नोव्हेंबर १९३९ रोजी स्टालिनने फिनलंडवर हल्ला केला तेव्हा लेनिनग्राड सरहद्दीपासून अवघ्या ३२ किलोमीटरवर आहे, हे कारण सांगितले गेले. त्या युद्धात फिनलंडने सुमारे दहावा हिस्सा भूमी गमावली आणि कारेलियातल्या चारेक लाख माणसांनी घरेदारे सोडली. तोच फिनलंड ४ एप्रिल २०२३ रोजी नाटोत गेला, १,३४० किलोमीटरची सामाईक सरहद्द घेऊन, रशियाच्या दुसऱ्या राजधानीपासून, म्हणजे सेंट पीटर्सबर्गपासून (तेव्हाच्या लेनिनग्राडपासून), साधारण दीडशे किलोमीटरवर. मॉस्कोने इशारे दिले, त्या बाजूचा लष्करी जिल्हा नव्याने उभा केला, पण युद्ध केले नाही आणि फिनलंडचे अस्तित्व खोटे आहे असेही म्हटले नाही. अंतराच्या हिशेबाने हा धोका युक्रेनपेक्षा कमी नाही. फरक आहे तो मॉस्कोच्या राज्यकर्त्यांनी कोणाला वेगळे राष्ट्र मानायचे ठरवले आहे आणि कोणाला नाही, यात.

रशियाला हिवाळ्यात न गोठणारे बंदर हवे म्हणून क्रिमिया हवा, या मुद्द्यावर फार शब्द खर्च करण्याचे कारण नाही. मुर्मान्स्क बारमाही खुले असते, काळ्या समुद्रावर नोव्होरोसिस्क रशियाचेच आहे, आणि क्रिमियातल्या सेव्हास्तोपोलचा नाविक तळ २०१० च्या कराराने २०४२ पर्यंत युक्रेनकडून रशियाला भाड्याने मिळालेला होता.

सपाट सरहद्दीवर शांतता नांदू शकते की नाही, याचे उत्तर शोधायला कझाकस्तानकडे पाहावे. रशियाची त्याच्याशी साडेसात हजार किलोमीटरांची सरहद्द आहे, बहुतेक उघड्या गवताळ माळरानावरून जाणारी, जिथे घोडेस्वारांच्या टोळ्या एके काळी मोकाट फिरत. २००५ मध्ये दोन्ही देशांनी करार करून ती कायम केली. मधे कोणताही अंकित मुलूख ठेवावा लागला नाही. चीनशी १९६९ मध्ये उसुरी नदीतल्या एका बेटावरून गोळीबार होऊन माणसे मेली, आणि तोही वाद टप्प्याटप्प्याने करार करत, काही बेटे सोडून देत, २००८ पर्यंत मिटवला गेला. यावर कोणी म्हणेल की कझाकस्तान मॉस्कोच्या लष्करी संघटनेत आहे, म्हणून तिथे शांतता आहे. हे खरे असेल, तर सुरक्षितता डोंगर-मैदानावर ठरत नसून शेजारी किती ऐकतो यावर ठरते, हे कबूल करावे लागेल. आणि ही गोष्ट राजकारणाची आहे, भूगोलाची नव्हे.

मराठी मनात रशियाविषयी जो जिव्हाळा आहे त्याचा मी अनादर करत नाही. भिलाईचा पोलाद कारखाना, १९७१ चा मैत्री करार आणि त्या युद्धात सुरक्षा समितीत वापरलेला नकाराधिकार, पवईच्या आयआयटीच्या उभारणीला मिळालेली मदत, हे सारे आपण विसरू नये. पण ते सोव्हिएत संघाने दिले होते, आणि त्या संघात युक्रेन होता. आपल्या हवाई दलाची आन-३२ विमाने कीवच्या अंतोनोव्ह संस्थेची रचना आहे. भारत सरकारने कोणाकडून तेल घ्यावे आणि संयुक्त राष्ट्रांत कसे मत द्यावे, हा राष्ट्रहिताचा वेगळा प्रश्न आहे आणि त्यावर मतभेद असू शकतात. त्या निर्णयाचे समर्थन करण्यासाठी दुसऱ्या राष्ट्राचा इतिहास पुसण्याची गरज नाही.

राहिला रक्ताचा सिद्धान्त. २५ ऑगस्ट १९६८ रोजी, सोव्हिएत रणगाडे प्रागमध्ये शिरल्यानंतर चारच दिवसांनी, आठ माणसे मॉस्कोच्या लाल चौकात जाऊन बसली. कवयित्री नताल्या गोर्बानेव्हस्काया आपले तान्हे मूल बाबागाडीत घालून आली होती. त्यांच्या हातातल्या एका फलकावर ‘तुमच्या आणि आमच्या स्वातंत्र्यासाठी’ असे लिहिलेले होते. ही घोषणा मूळची पोलिश, १८३१ च्या झारविरोधी उठावातली. काही मिनिटांतच त्यांना उचलले गेले, आणि बहुतेकांच्या वाट्याला तुरुंग, हद्दपारी किंवा मनोरुग्णालय आले. १३ जानेवारी १९९१ रोजी विल्नियसमध्ये सोव्हिएत सैन्याने लिथुआनियन नागरिकांवर रणगाडे घातले तेव्हा पुढच्याच रविवारी मॉस्कोच्या रस्त्यांवर लाखोंचा जमाव लिथुआनियाच्या बाजूने उतरला. हे लोकही त्याच मैदानावर जन्मलेले रशियनच होते, आणि आज युद्धाला विरोध केल्याबद्दल रशियन तुरुंगांत बसलेले लोकही रशियनच आहेत.

विल्नियसच्या त्याच दिवशी रशियाचे तेव्हाचे नेते बोरिस येल्त्सिन एस्टोनियाच्या टाल्लिनला गेले, बाल्टिक राष्ट्रांच्या नेत्यांबरोबर त्यांच्या सार्वभौमत्वाला मान्यता देणाऱ्या निवेदनावर सही केली आणि रशियन सैनिकांना नि:शस्त्र लोकांवर हत्यार चालवू नका असे आवाहन केले. जेमतेम चार वर्षांनी, डिसेंबर १९९४ मध्ये, स्वातंत्र्य मागणाऱ्या, कॉकेशसातल्या चेचेन्यावर फौजा आणि तिची राजधानी ग्रोझ्नीवर बॉम्ब टाकण्याचा हुकूमही येल्त्सिन यांचाच होता. या दोन निर्णयांच्या दरम्यान रशियाच्या भूगोलात कोणताही डोंगर उगवला नव्हता, आणि माणूसही बदलला नव्हता.